मुखदर्शन आणि पदस्पर्श



मायबाप श्रोतेहो, आणि पुढे हे छापून आल्यावर घरी, एसटीत, धर्मशाळेच्या ओसरीवर बसून वाचणाऱ्या मायबापहो, कीर्तनाला उभं राहिलं की आधी अभंग घ्यायचा ही आपली रीत. आज सेवेसाठी अभंगाऐवजी एक पत्र घेतलं आहे. अडचण एवढीच की त्या पत्रात एकही अक्षर नाही. कोरा कागद आहे.

तुमच्या ध्यानात आलं असेल. चांगदेवांचं पत्र ! योगाच्या बळावर चौदाशे वर्षं काळाला परतवून लावलेला हा महायोगी. त्यांच्या कानावर आलं, की ज्ञानदेव नावाच्या एका लेकराने रेड्याच्या मुखातून वेद बोलवले. म्हणाले, पत्र पाठवू. लिहायला बसले आणि मायन्यालाच अडले. चिरंजीव लिहावं, तर ज्ञानाने मोठा. तीर्थरूप लिहावं, तर वयाने पोर. मायना सुचेना, म्हणून मजकूरही नाही. शेवटी कोराच कागद शिष्याच्या हाती दिला. मुक्ताईने तो उलटापालटा करून पाहिला आणि म्हणाली, इतकी वर्षं जगून हा कोराच राहिला की हो दादा ! पण निवृत्तिनाथ गुरुमाउली. त्यांनी हसण्यावारी नेलं नाही. ज्ञानोबांना म्हणाले, उत्तर लिही. त्या कोऱ्या कागदाचं उत्तर म्हणजे पासष्ट ओव्यांची ‘चांगदेव पासष्टी’.

आता बघा, त्या उत्तराचं सार काय? तू आणि मी दोन नाहीच. एकच चैतन्य दोन्हीकडे आहे, मग कोणी कोणाला भेटायचं? आता इतकं मोठं ज्ञान पत्रातूनच घरपोच मिळालं, तर चांगदेवांनी काय करायला हवं होतं? पत्र छातीशी धरून घरीच बसायला हवं होतं. पण बसले का? नाही बसले. वाघावर स्वार झाले, हातात सर्पाचा चाबूक घेतला आणि आळंदीकडे निघाले. इकडे चौघं भावंडं भिंतीवर बसलेली. पाहुणा इतक्या लांबून येतोय म्हटल्यावर बसून कसं स्वागत करायचं? माउलींनी भिंतीला सांगितलं, चल. भिंत चालली. आळंदीत ती भिंत आजही दाखवतात, तुमच्यापैकी कितीतरी जणांनी तिला हात लावला असेल.

माझं मागणं एवढंच, की आपण चमत्कारापाशी थांबू नये. पत्र आलं, उत्तर गेलं, बोलणं पूर्ण झालं, ज्ञानही झालं. तरी एक जण निघाला आणि दुसरा सामोरा गेला. सगळं कळल्यावरसुद्धा भेट उरतेच. आजचा विषय तो.

आज आपल्या प्रत्येकाच्या खिशात चांगदेवाचा शिष्य आहे. निरोप घेऊन जातो, निरोप आणतो, वर तोंडही दाखवतो. आजी फोन घेते आणि सवयीने कानाला लावते. तिकडे नातवाला काय दिसतं? आजीचा कान, कानातली कुडी आणि वर फिरणारा पंखा. पलीकडून ओरडतात, आजी, फोन समोर धर ! मग समोर धरते, तर कपाळ तेवढं दिसतं. अर्धा वेळ ‘दिसतंय का, ऐकू येतंय का’ यात जातो. उरलेल्या अर्ध्यात ‘जेवलास का’. हसता तुम्ही, पण ‘जेवलास का’ या दोन शब्दांत आईचं सगळं भागवत असतं, एवढं ध्यानात असू द्या.

या यंत्राला नावं ठेवायला मी उभा नाही. पंढरीच्या वारकऱ्याला हा प्रश्न फार लवकर समजेल, कारण पंढरीत दर्शनाच्या दोन रांगा आहेत. एक मुखदर्शनाची, एक पदस्पर्शाची. मुखदर्शनाची रांग लवकर सरकते. लांबून सावळं रूप पाहायचं, हात जोडायचे, पुढे निघायचं. पदस्पर्शाच्या रांगेत तासन्‌तास, आषाढीला तर दिवसाहून जास्त उभं राहायचं. आणि मिळतं काय? क्षणभर त्या समचरणांवर डोकं टेकायला मिळतं. मागचा ढकलतोय, सेवेकरी ‘चला चला’ म्हणतोय. तेवढ्या एका क्षणासाठी माणूस चालत येतो. आता सांगा, मुखदर्शन खोटं का? मुळीच नाही. देव तोच आहे. पण मुखदर्शनाने डोळे निवतात आणि पदस्पर्शाने कपाळ निवतं. डोळ्यांचं पोट भरलं म्हणून कपाळाची भूक भागत नाही.

हा स्पर्श आपल्याला फुकटात मिळालेला नाही बरं. चोखोबारायांना राउळात पाऊल टाकू दिलं नाही. महाद्वाराबाहेर उभं राहून त्यांनी आयुष्य काढलं, त्यांची समाधीही तिथेच. पुढे १९४७ सालच्या मे महिन्यात साने गुरुजी पंढरपुरात उपोषणाला बसले, तेव्हा कुठे मंदिराचं दार सगळ्यांना उघडलं. म्हणजे लांबून दर्शन घेण्याचं दुःख काय असतं ते चोखोबांना विचारावं. त्यांना लोकांनी लांब ठेवलं होतं. आपण मात्र आपल्या हाताने लांब राहतो आणि त्याला सोय म्हणतो.

करोनाचा काळ आठवा. २०२० च्या मार्चमध्ये मंदिर बंद झालं. त्या वर्षी पायी वारी नाही. दशमीला माउलींच्या पादुका आळंदीहून एसटीने पंढरीला गेल्या, बरोबर मोजकीच मंडळी. १ जुलैला आषाढी एकादशी, आणि वाळवंट मोकळं. आपण घरात बसून मोबाइलवर देवाचं मुखदर्शन घेतलं. २०२१ लाही तेच, पादुका बसमधूनच गेल्या. देव बोटाच्या टोकावर होता, पहाटेची काकड आरती अंथरुणात बसून दिसत होती, रांग नाही, ऊन नाही, पाऊस नाही. मग २०२२ साली पायी वारी सुरू झाली, तर लोकांनी काय म्हणायला हवं होतं? ‘आता घरीच दिसतंय, कशाला अडीचशे किलोमीटर चालायचं?’ कोणी म्हणालं का? उलट दोन वर्षांची तहान घेऊन लोक निघाले. त्याच वर्षी गुढीपाडव्याला पदस्पर्श पुन्हा खुला झाला, तेव्हा पायांवर डोकं ठेवून माणसं रडली. जे देवाच्या बाबतीत आपल्याला कोणी शिकवावं लागलं नाही, ते आईबापाच्या बाबतीत का विसरतो, एवढाच माझा प्रश्न आहे.

मुखदर्शनाचा मोठेपणा आधी सांगतो, म्हणजे माझ्यावर अन्यायाचा दोष नको. मराठवाड्यातली, बीड जिल्ह्यातली माणसं दसरा-दिवाळीच्या सुमाराला ऊसतोडीला निघतात. कोयता, संसार आणि बैल घेऊन कारखान्याच्या वाटेला लागतात. लेकरं मागे आजी-आजोबांपाशी. हंगाम संपेपर्यंत महिनेच्या महिने घर नाही. दिवसभर मोळ्या वाहून पालात आलेली आई रात्री फोनवर पोराचं तोंड बघते, तेव्हा तिला कोणी शहाण्याने सांगू नये की ही खरी भेट नव्हे. सीमेवरचा जवान तसाच. आणि ज्यांना ऐकू येत नाही, बोलता येत नाही, त्यांना आजवर टेलिफोन म्हणजे मुकं खोकं होतं. ते आता समोरासमोर खुणांनी बोलतात. हा केवढा उपकार ! ज्याला येता येत नाही त्याच्यासाठी हे यंत्र म्हणजे पादुका आहेत. डोक्यावर घ्याव्यात अशा.

पण ज्याला येता येतं, त्याचं काय? इथे जरा जड बोलणार आहे, सांभाळून घ्या.

एका गावी दशक्रियेच्या प्रवचनाला गेलो होतो. गावाचं नाव सांगत नाही. नदीकाठी मंडळी जमलेली. थोरला मुलगा अमेरिकेत. त्याला येता आलं नव्हतं. काठीला फोन बांधून उभा केला होता, त्यात तो दिसत होता. इकडे सकाळ, तिकडे रात्र. धाकटा जवळच, तालुक्याच्या गावी, बारा किलोमीटरवर नोकरीला. तो विधीला बसलेला. पिंड ठेवले आणि सगळे कावळ्याची वाट पाहू लागले. कावळा येईना. तुम्हाला ठाऊक आहे, अशा वेळी लोक पुढे होऊन हात जोडून शब्द देतात. काकू, नातीच्या लग्नाचं आम्ही बघू. काकू, घर पाडणार नाही. कावळा झाडावरच. धाकटा मला हळूच म्हणाला, ‘महाराज, आईची काय इच्छा राहिली? आम्ही दोघंही तिच्याशी रोज बोलत होतो. एक दिवस चुकला नाही.’ खरंच चुकला नव्हता. दोघंही गुणी मुलं.

तेव्हा मागून शेजारची सून बोलली. फार हळू बोलली, पण पाण्याच्या काठावर आवाज लांब जातो. म्हणाली, ‘आजींचा हात खांद्याच्या वर जात नव्हता. वेणी घालता येत नव्हती. माझ्याकडे यायच्या, म्हणायच्या, तेल लावून विंचरून दे गं. मी विंचरत असले की डोळे मिटून घ्यायच्या. गेल्या महिन्यात माझी परीक्षा होती, मला वेळ झाला नाही.’ आणि आणखी एक सांगितलं तिने. आजी तिला म्हणायच्या, ‘थोरला फोनवर मान खाली घालून बोलतो. माझ्याकडे बघत नाही. काहीतरी लपवतोय माझ्यापासून.’

माउलींनो, तो काहीही लपवत नव्हता. यंत्राचा गुणच तो. फोनचा डोळा असतो वरच्या कडेला आणि आईचं तोंड दिसतं त्याच्या खाली. आईच्या तोंडाकडे पाहिलं, तर आईला वाटतं हा खाली बघतोय. वरच्या डोळ्याकडे पाहिलं, तर आईला वाटेल माझ्याकडे बघतोय. पण तेव्हा त्याला आई नीट दिसत नाही. दोघं एकमेकांना बघतात, पण नजरेला नजर मिळत नाही. तो लेक रोज आईच्याच तोंडाकडे बघत होता. आणि आई मात्र काळजीतच गेली.

कावळा शिवला की नाही, ते मी सांगत नाही. त्यात अडकू नका. पण आपल्या पूर्वजांनी त्या विधीला नाव काय दिलं बघा. काकदर्शन नाही म्हटलं. काकस्पर्श म्हटलं. जिवंतपणी जो स्पर्श आपण देत नाही, त्याची आशा मेल्यावर पाखराकडून धरतो. विठ्ठल, विठ्ठल !

आता तुम्ही म्हणाल, चूक थोरल्याची. मी म्हणेन, थांबा. सातासमुद्रापलीकडे राहणाऱ्याला नोकरी, रजा, कागदपत्रं अशा किती बेड्या असतात ते तोच जाणे. रात्र रात्र जागून त्या फोनसमोर बसला होता तो, त्याला बोल लावायचा अधिकार माझा नाही. मग धाकट्याची? धाकट्यालाही बोल लावत नाही. कारण या मांडवात निम्म्याहून जास्त आपण धाकटेच आहोत. बारा किलोमीटर अंतर आहे, एसटी आहे, गाडी आहे. पण सकाळी फोन झाला की मनाला वाटतं, आज भेट झाली. अंतराने आपल्याला लांब केलेलं नाही, मायबाप. ‘झाली की भेट’ या समाधानाने लांब केलं. मुखदर्शन घेऊन माणूस पदस्पर्शाच्या रांगेतून परत फिरला, तर त्याची वारी अर्धीच राहते. आणि काही जण तर एकाच छपराखाली राहतात. म्हातारा ओटीवर, मुलगा आत, सून आत, नातू आत, प्रत्येकाच्या हातात एकेक दिवा पेटलेला. चार माणसांत म्हातारा एकटा.

एकटेपण ही आता साऱ्या जगाची दुखणी झाली आहे. इंग्लंडात २०१८ साली एकाकीपणासाठी मंत्री नेमला. २०२१ साली जपानने नेमला. शेतीला मंत्री ऐकला होता, पाण्याला ऐकला होता, एकटेपणाला मंत्री! ती बिचारी राज्यं काय करतील? आपल्याकडे मात्र सातशे वर्षांपासून यावर एक खातं चालू आहे, त्याला वारी म्हणतात. दिंडीत कोणी कोणाला नाव विचारत नाही, सगळ्यांना एकच नाव, माउली. वय बघत नाही, जात बघत नाही, भेटला की वाकून पायाला हात लावायचा. समोरचाही तुमच्या पायाला हात लावतो. दिवसातून शंभर वेळा कुणी तरी तुमच्या पायांना शिवतं. अशा माणसाला एकटेपण कुठून येणार?

आणि टाळकऱ्यांना एक विचारतो. लॉकडाउनमध्ये फोनवर भजन करून पाहिलंत ना? काय झालं? एकाचा टाळ आत्ता वाजला, दुसऱ्याला तो थोडा उशिरा ऐकू आला, तिसऱ्याचा मृदंग आणखी मागे. पाच मिनिटांत ठेका सुटला आणि एकेकानेच म्हणायचं ठरवावं लागलं. बोलताना जो उशीर जाणवत नाही, तो टाळाला लगेच कळतो. टाळ जमवायचा तर एकाच मांडवात, खांद्याला खांदा लावून उभं राहावं लागतं. पुढच्याचं पाऊल दिसावं लागतं. संसाराचाही टाळ असाच आहे, मायबाप.

मग दूर असणाऱ्यांनी करायचं काय? त्याचं उत्तर रामायणात भरताने दिलं आहे. रामप्रभू परत येईनात, तेव्हा भरताने पादुका मागितल्या. डोक्यावर घेतल्या, सिंहासनावर ठेवल्या, स्वतः नंदिग्रामात व्रतस्थ राहिला. आपण इतकंच सांगतो. पण पादुका घेताना भरत काय बोलला ते आपण विसरतो. तो म्हणाला, चौदा वर्षं भरली आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी तुमचं दर्शन झालं नाही, तर मी अग्निप्रवेश करीन. म्हणजे पादुका घेतल्या, पण तारीख ठरवून घेतल्या. ‘पादुका आहेत, आता राम नाही आला तरी चालेल’ असं भरत म्हणाला नाही. आणि रामप्रभूंनी तारीख पाळली. पोचायला उशीर वाटू नये म्हणून हनुमंताला आधी पुढे पाठवलं. आता कळलं का फोन कशासाठी असतो? फोन म्हणजे हनुमंत. ‘येतोय’ हा निरोप देण्यासाठी. यायच्या ऐवजी नव्हे.

तेव्हा आज या सेवेची दक्षिणा म्हणून तुमच्याकडे तीन गोष्टी मागतो. वारकरी आहात, नेम धरला की मोडत नाही, म्हणून मागतो.

पहिली. लांब असाल तर फोन जरूर करा, पण बिनतारखेचा फोन करू नका. ‘येईन गं कधीतरी’ हे कोरं पत्र झालं. ‘चैत्रात येतो’, ‘आषाढीला येतो’, असं काही तरी त्या माउलीच्या हाती द्या. तारखेवर म्हातारं माणूस जगतं. आणि बोलताना अधूनमधून फोनच्या वरच्या डोळ्याकडे बघा. तुम्हाला ती क्षणभर दिसणार नाही, पण तिला तुमची नजर मिळेल. तेवढा त्याग लेकराने करावा.

दुसरी. जवळ असाल तर जा. गेलात की बोलायला विषय शोधू नका. हाताने काही करा. नखं काढून द्या. पाय चेपा. डोक्याला तेल लावा. आपला पांडुरंग कशासाठी विटेवर उभा आहे? पुंडलिक आईबापांचे पाय चेपत होता, त्याला हात सोडवेना, म्हणून. देव दारात आला तरी त्याने हात काढला नाही; वीट भिरकावली आणि म्हणाला, थांब. आणि आपण काय करतो? आईचे पाय चेपता चेपता फोन वाजला, की आईला म्हणतो, थांब.

तिसरी. वर्षाला चोवीस एकादश्या. आपण उपवास करतो, हरिपाठ म्हणतो. महिन्यातल्या दोनपैकी एका एकादशीला आपल्याच गल्लीतल्या, ज्याच्याकडे कोणी जात नाही अशा एका म्हाताऱ्या माणसाकडे जा. तुमच्या आईकडे तुम्हाला जाता येत नसेल, तर दुसऱ्या कुणाच्या आईकडे जा. तुमच्या आईच्या गावी राहणारा कोणीतरी हेच वाचत असेल, त्या दिवशी तो तुमच्या आईकडे जाईल. अशी दिंडी गावोगाव चालू द्या. त्या शेजारच्या सुनेने कोणाची आई आहे हे न बघता केस विंचरले. नात्याने ती कुणीच नव्हती. पण त्या घरची खरी वारी तिनेच केली.

पांडुरंगा, लांब असणाऱ्यांना घरी यायची वाट दे, जवळ असणाऱ्यांना उठायची बुद्धी दे, आणि आमच्या हातांना कुणाच्या तरी पायांशी पोचव, एवढंच मागणं.

पुंडलिक वरदा हरि विठ्ठल ! श्री ज्ञानदेव तुकाराम ! पंढरीनाथ महाराज की जय !